चार ठिपके आणि एक रेघ

बालमित्रांनो, आधी एक काम करा. कागद आणि पेन्सिल घेऊन बसा. वाण्याच्या यादीमागची कोरी बाजूसुद्धा चालेल. कागद नसेल तर अंगणात काडी घेऊन बसा. आजच्या गप्पा नुसत्या वाचायच्या नाहीत, हाताने करायच्या आहेत. आणि गॅसवर दूध ठेवून कुणी वाचत असेल तर आधी गॅस बंद करून या. मागे एकाचं दूध उतू गेलं आणि बोलणी मला बसली.

आलात? बसा.

यंदाच्या पावसाळ्यात आमच्या चौथीच्या वर्गात एक नवीनच विद्या जन्माला आली. तिचं नाव गाठविद्या. कुठल्या पोथीत शोधू नका, सापडणार नाही. ती आमच्या वर्गातल्या खिडकीजवळच्या एका मुलीने काढली. (नावं सांगत नाही. मागे एकदा सांगितली होती, तर वर्गात आठवडाभर भांडणं चालली.)

झालं असं, की पाऊस लागून राहिला होता, मैदानात तळं झालं होतं आणि खेळाचा तास बुडाला होता. मग मी रांगोळीच्या गोष्टी सुरू केल्या. आपण ठिपक्यांची रांगोळी काढतो तेव्हा ठिपके रेघेने जोडतो. तामिळनाडूत दारापुढे तांदळाच्या पिठीचं कोलम काढतात. त्यातल्या एका प्रकारात रेघ ठिपक्यांना शिवतच नाही. ती ठिपक्याला वळसा घालते, पुढच्याला वळसा घालते आणि फिरत फिरत जिथून निघाली तिथेच परत येते. त्याला म्हणतात सिक्कु कोलम. सिक्कु म्हणजे गुंता. १९७० च्या दशकात गिफ्ट सिरोमनी, रानी सिरोमनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मद्रासला या कोलमचे नियम गणिताने मांडले. बायकांच्या बोटांत पिढ्यान् पिढ्या असलेली रीत संगणकाला समजेल अशा भाषेत कशी लिहायची, हा त्यांचा प्रश्न होता. हे सगळं मी मोठ्या उत्साहाने सांगितलं. पण आमच्या मंडळींच्या डोक्यात राहिला तो फक्त गुंता.

दुसऱ्या दिवशी डबा खायच्या सुट्टीत गाठविद्येचे नियम तयार! रेघ मध्ये उचलायची नाही. एकदा काढलेल्या रेघेवरून पुन्हा जायचं नाही. नक्षी पुरी झाली की मनातली इच्छा तीनदा म्हणायची. की ती गोष्ट होणार! पाऊस थांबवायची नक्षी वेगळी, घंटा लवकर व्हायची वेगळी, डब्यात शिरा निघायची तर चांगली नऊ ठिपक्यांची. लक्ष्मणरेषेला पाय लागला की आग निघते आणि चक्रव्यूहात आत जाता येतं पण बाहेर पडता येत नाही, एवढं तर सगळ्यांना आजीकडून माहीतच होतं. तेव्हा रेघेत ताकद असते यावर कुणाचा वाद नव्हता.

आणि गंमत बघा, त्या दुपारी पाऊस खरंच थांबला. दोन दिवसांनी शिपाईकाकांनी घंटा पाच मिनिटं आधी दिली, कारण त्यांना बाजाराची एस.टी. गाठायची होती. पण कारण कोण विचारतो? गाठविद्येचा जयजयकार झाला. ज्या दिवशी पाऊस थांबला नाही, घंटा वेळेवर झाली आणि डब्यात चटणी-भाकरी निघाली, असे दहा-बारा दिवस कुणीही मोजले नाहीत. तुम्ही कधी मोजता का? खरं सांगा.

आता माझी चूक सांगते. मलाही त्याची मजा वाटली. गृहपाठ न आणणाऱ्यांची नावं मी रोज फळ्याच्या कोपऱ्यात लिहिते. एके दिवशी त्या नावांभोवती मीच एक वेटोळं काढलं आणि म्हटलं, "हे सगळे बंद गाठीत अडकले. गृहपाठ आणेपर्यंत सुटका नाही!" वर्ग खदखदून हसला. दुसऱ्या दिवशी सगळ्यांचे गृहपाठ हजर. मी मनात म्हटलं, वा! बरी युक्ती सापडली.

पुढच्या सोमवारी तिसऱ्या बाकावरचा एक मुलगा आला नाही. मंगळवारी नाही, बुधवारी नाही. पावसात भिजला असेल, ताप आला असेल असं मला वाटलं. त्याच्या वाडीवरच्या मुलांना विचारलं तर ती एकमेकांकडे बघायला लागली. बुधवारी शाळा सुटल्यावर मी त्याच्या घरी गेले.

दारात त्याची आई. म्हणाली, "बाई, बरं झालं आलासा. याला काय झालंय कळंना. जेवत न्हाई, रातच्याला उठून रेघा वढत बसतोय."

आत गेले. शेणाने सारवलेली जमीन आणि तिच्यावर कोळशाने काढलेले चौकोन. पडवीपासून चुलीपर्यंत चौकोनच चौकोन. प्रत्येकात दोन तिरक्या रेघा. काही अर्धे सोडलेले, काही हाताने पुसलेले. कोपऱ्यात हा बसलेला, बोटं काळी, डोळे लाल.

बऱ्याच वेळाने तो बोलला. शनिवारी गोट्या खेळताना त्याचं आणि खिडकीजवळच्या मुलीचं भांडण झालं. तिने त्याचं नाव बंद गाठीत घातलं. वर सांगितलं, की चार ठिपक्यांचा चौकोन आणि त्यात समोरासमोरचे कोपरे जोडणाऱ्या दोन रेघा, एवढी नक्षी हात न उचलता काढलीस तरच गाठ सुटेल. नाहीतर घरात वाईट होईल. आणि त्याच संध्याकाळी त्याच्या आज्याला रानात चक्कर आली. चौघांनी उचलून आणलं आणि तालुक्याच्या दवाखान्यात नेलं.

"बाई, मी लई वेळा काढलं. येतच न्हाई. एक रेघ ऱ्हातीच."

तीन रात्री. नऊ वर्षांचं पोर. आपला आजा आपल्या बोटांवर अवलंबून आहे अशा समजुतीने ते कोळसा घेऊन बसलं होतं आणि कुणाला सांगत नव्हतं.

मी आधी जे सगळे म्हणतात तेच म्हटलं. "अरे वेड्या, असलं काही नसतं. रेघेने कुणी आजारी पडतं का?" त्याने मान फिरवली. बरोबरच होतं त्याचं. आठवड्यापूर्वी याच बाईंनी फळ्यावर गाठ काढली होती आणि ती 'लागली' होती. आता त्याच बाई नसतं म्हणतात!

मग मी काय केलं, खाली बसले आणि त्याच्या हातातला कोळसा घेतला. म्हटलं, बघू मी काढून. तुम्हीही आता पेन्सिल घ्या. चार कोपऱ्यांवर चार ठिपके. चौकोनाच्या चार बाजू आणि कोपऱ्यांतून कोपऱ्यांत दोन कर्ण. पेन्सिल उचलायची नाही, काढलेल्या रेघेवरून परत जायचं नाही. काढा. मी थांबते.

एक रेघ राहते ना? माझीही राहिली. दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा, पाचव्यांदा राहिली. तो हळूहळू जवळ सरकला. त्याच्या तोंडावर भीतीच्या जागी जरा वेगळंच काही यायला लागलं. बाईंनाही येत नाही!

तेव्हा मला आठवलं. डी.एड.ला असताना आमच्या गणिताच्या सरांनी हे फळ्यावर दाखवलं होतं. मी वहीत उतरवून घेतलं होतं आणि विसरून गेले होते. मी त्याला म्हटलं, "आता काढायचं नाही. आता मोजायचं. प्रत्येक ठिपक्याला किती रेघा येऊन मिळतात ते सांग."

त्याने बोट ठेवून मोजलं. तीन, तीन, तीन, तीन.

"आता असं समज, की तुझी रेघ म्हणजे रस्त्याने चाललेला माणूस. एखाद्या ठिपक्यात तो एका रेघेने येतो आणि दुसऱ्या रेघेने जातो. म्हणजे किती रेघा संपल्या?"

"दोन."

"पुन्हा आला, पुन्हा गेला?"

"चार."

"मग ज्या ठिपक्याला तीन रेघा आहेत, तिथे काय होईल?"

तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "आला, ग्येला, परत आला. आन् अडकला."

"किंवा?"

"न्हाईतर तितनंच निघाला आसंल."

बघा मुलांनो, एवढंच आहे सगळं! विषम रेघांचा ठिपका असेल तर रेघ तिथून सुरू तरी होते किंवा तिथे संपते तरी. रेघेला सुरुवात एक आणि शेवट एक. म्हणजे असे ठिपके फार तर दोन चालतील. आपल्या चौकोनात आहेत चार. (मधे कर्ण एकमेकांना छेदतात तिथे चार रेघा भेटतात, ती जागा सम आहे, तिची अडचण नाही.) दोन विषम ठिपके जास्तीचे आहेत. म्हणून ही नक्षी मला येणार नाही, तुम्हाला येणार नाही, तीन रात्री बसा नाहीतर तीन जन्म बसा.

हे पहिल्यांदा नीट दाखवून दिलं लिओनार्ड ऑयलर नावाच्या गणितज्ञाने. त्याच्यापुढे चौकोन नव्हता, पूल होते. क्योनिग्सबर्ग नावाच्या शहरात प्रेगेल नदीवर सात पूल होते. आता त्या शहराला कालिनिनग्राद म्हणतात आणि ते रशियात आहे. प्रत्येक पुलावरून एकदाच जायचं आणि सगळे पूल पुरे करायचे, असं कोडं तिथे प्रसिद्ध होतं आणि ते कुणालाच सुटत नव्हतं. ऑयलरने १७३६ च्या आपल्या लेखात दाखवलं की ते सुटणारच नाही. नदीने जमिनीचे चार तुकडे केले होते. एका तुकड्याला पाच पूल, बाकी तिघांना तीन-तीन. चारही विषम! म्हणजे आमच्या पोराच्या घरातल्या जमिनीवर जे होतं, तेच. पुढे १९४४ च्या बॉम्बहल्ल्यात त्यातले दोन पूल पडले आणि कोडंही बदललं. पण ती गोष्ट मोठी आहे, पुन्हा कधीतरी.

मी हे सगळं त्या संध्याकाळी त्याला सांगितलं नाही. पुलांचं वगैरे नंतर वर्गात सांगितलं. त्या वेळी त्याने एवढंच विचारलं, "म्हंजी ते कुनालाच येत न्हाई?"

"कुणालाच नाही."

"माजं चुकत नव्हतं?"

"तुझं एकदाही चुकलं नाही."

तेव्हा तो रडला. आई मागे उभी होती, तिला काही समजलं नाही, पण तिनेही डोळ्यांना पदर लावला. मग ती म्हणाली, "आज्याला सलाईन लावलंय, उद्या-परवा सोडतो म्हनालाय डाक्टर." त्याला हे कुणी सांगितलंच नव्हतं. लहान आहे, कशाला सांगायचं म्हणून. आजा खरोखरच शुक्रवारी घरी आला. उपाशी पोटी उन्हात राबल्याने चक्कर आली होती. तो बरा झाला तो सलाईनने, औषधाने आणि दोन दिवस पडून राहिल्याने. हे मी मुद्दाम लिहिते, कारण आमच्या वर्गात लगेच बातमी पसरली होती की बाईंनी उलटी गाठ मारून आज्याला बरं केलं!

गुरुवारी मी खिडकीजवळच्या मुलीला बाजूला घेतलं. ओरडायचं ठरवून गेले होते. पण ती आधीच घाबरलेली. म्हणाली, "बाई, मला ती नक्षी येत नव्हती, म्हणून मी त्याला दिली. त्याला येईल असं वाटलं." मी काय ओरडणार? गाठीत नाव घालायची पहिली रीत फळ्यावर कुणी दाखवली होती? मी दोघांसमोर वर्गाला सांगितलं की ती माझी चूक होती आणि फळ्याचा तो कोपरा ओल्या फडक्याने पुसून घेतला. आता गृहपाठ पुन्हा पूर्वीसारखेच उशिरा येतात. येऊ देत.

आई-बाबांनो, एवढा परिच्छेद तुमच्यासाठी. आमच्या लहानपणी पोस्टकार्डं यायची. असंच पत्र अकरा जणांना लिहा, नाहीतर संकट येईल. तेच आता मोबाइलवर येतं. आपण हसून सोडून देतो किंवा 'कशाला विषाची परीक्षा' म्हणून गुपचूप पुढे पाठवतो. मुलं दोन्ही बघत असतात. आणि घरात कुणी आजारी असेल तर मुलांना सांगा हो. तुम्ही सांगितलं नाही की ती आपलीच एखादी गोष्ट रचतात, आणि त्या गोष्टीत बहुतेक वेळा चूक त्यांचीच असते.

असो. खिडकीजवळची मात्र दोन दिवस फुगून होती. तिची विद्याच गेली ना! शेवटी शनिवारी तिने विचारलं, "मग बाई, नक्षीने काहीच होत नाही?"

मला हा प्रश्न आवडला. मी तिला तिच्याच अंगातला स्वेटर दाखवला. दोन सुलट, एक उलट, दोन सुलट, एक उलट. एक लांबलचक धागा, ना कात्री ना शिलाई, आणि नुसत्या टाक्यांच्या नक्षीने त्याचे हात, गळा, पाठ झाली. याहून मोठी गाठविद्या कोणती? मग फ्रान्समधल्या ल्यों शहराची गोष्ट सांगितली. तिथे नक्षीदार रेशीम विणताना मागावर एक पोरगा ठेवावा लागे. विणकर सांगेल तसे उभे धागे वर ओढायचे, दिवसभर तेच काम. १८०४ साली जोसेफ जाकार नावाच्या माणसाने भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांच्या पट्ट्या मागाला जोडल्या. भोक असेल तिथला धागा उचलला जाणार, नसेल तिथला नाही. पुठ्ठे बदलले की कापडावर दुसरं फूल. म्हणजे नक्षी पुठ्ठ्यात लिहिली आणि मागाने ती वाचली! पुढे इंग्लंडच्या चार्ल्स बॅबेजने गणितं करणाऱ्या यंत्रासाठी हीच पुठ्ठ्यांची युक्ती योजली.

आणि आपल्याकडे डहाणू-जव्हारच्या बाजूला वारली लोकांच्या लग्नात गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक काढतात. पूर्वापार सवाष्णींनी काढायचा, मधोमध पालघाट देवी. चौक नसेल तर लग्न लागत नाही. मग त्या नक्षीने लग्न लागतं, असंच नाही का म्हणायचं? ती म्हणाली, "पण ते सगळ्यांनी मानलं म्हणून." मी म्हटलं, हो, तसंच. तिने विचार केला आणि म्हणाली, "मग कुणाचं वाईट व्हायची नक्षी काढलीच नाही तर?" त्यावर वर्गात मतदान झालं आणि गाठविद्येत एक नवा नियम आला. तो असा, की गाठीत नाव फक्त स्वतःचं घालायचं.

पण खरी गंमत पुढे आहे. तिसऱ्या बाकावरच्याने सोमवारी येताना खिशातून कोळसा आणला होता. तो व्हरांड्यात बसला आणि त्याच चौकोनाच्या डोक्यावर त्याने दोन तिरक्या रेघांचं छप्पर घातलं. झालं घर! आता वरच्या दोन कोपऱ्यांना चार-चार रेघा आल्या, शेंड्याला दोन. विषम उरले फक्त खालचे दोन. त्याने खालच्या डाव्या कोपऱ्यातून कोळसा टेकवला आणि न उचलता सगळं घर काढून उजव्या कोपऱ्यात थांबला. तुम्हीही काढा. पहिल्या खेपेला जमलं नाही तर घाबरू नका, हे येतं.

दुपारी पुन्हा हाक आली. "बाई, हिकडं या की." पाहते तर त्याने घराच्या खालीही उलटं छप्पर काढलं होतं. म्हणाला, "आमच्या हिरीच्या कडंला खोपट हाय, त्ये पान्यात आसं दिसतं." मी मोजलं. चार, चार, चार, चार, दोन, दोन. सगळे सम! ही नक्षी कुठूनही सुरू केली तरी जिथून निघालो तिथेच परत येतो, अगदी कोलमसारखी. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

खिडकीजवळचीला ते कसं सहन होणार? तिने त्याच्या हातून कोळसा घेतला आणि उजव्या बाजूलाही एक छप्पर जोडलं. तेही निघालं. मग तो म्हणाला, आता डाव्या बाजूलाही घालू. चारी बाजूंना चार छप्परं. मधली सुट्टी संपली, घंटा झाली, तरी ती दोघं गुडघ्यांवर बसून तेच काढत होती. शिपाईकाका घंटेची दोरी हातात धरून मागून बघत होते. मी त्यांना खूण केली की काही बोलू नका.

तुम्हीही आधी मोजू नका बरं का. काढून बघा.